सभेच्या आधी रूथबाई

सुलक्षणा मगदूमला दुपारी झोपायची सवय नाही. पण आज ती धुतलेल्या चादरींच्या खोलीत येते, ब्लँकेटांच्या थप्पीला टेकून बसते, चपला काढून पाय लांब करते, आणि पापण्या आपोआप खाली येऊ लागतात. रात्रभर तिचा डोळ्याला डोळा लागलेला नाही. भिंतीपलीकडे धुण्याचं मोठं यंत्र घरघरतंय. थोडं सुलटं फिरतं, थांबतं, मग उलटं फिरतं. ती स्वतःला बजावते, झोपायचं नाही. चहा झाला की सभा आहे. सभेत बोलायचंय. पहिलं वाक्य काय बोलायचं ते अजून ठरलेलं नाही.

मिरजेत दवाखाने उदंड. दवाखाना आला म्हणजे चादरी आल्या, उशांचे अभ्रे आले, ऑपरेशनचे हिरवे झगे आले, आणि ते सगळं रक्तापुवासकट कुणीतरी धुवायचं आलं. पूर्वी हे काम ठेकेदाराच्या हाताखालच्या बायका करत, उघड्या हातांनी, दगडी हौदावर. त्या बायकांना गोळा करून सुलक्षणानं 'शुभ्रा धुलाई कामगार सहकारी संस्था' उभी केली, त्याला आता वीसेक वर्षं होत आली. ज्या काम करतात त्याच मालकिणी. प्रत्येकीचा भाग सारखा आणि प्रत्येकीला मत एकच. गावात तिला कुणी संस्था म्हणत नाही, नुसतं 'धुलाई' म्हणतात.

त्याआधी तिनं कमी खटपटी केल्या नव्हत्या. पुण्याहून समाजकार्याची पदवी घेऊन परतली आणि बंद पडलेली सूतगिरणी कामगारांनीच चालवायची असा घाट घातला. गिरणी काही दिवस धापा टाकत चालली आणि बसली ती बसलीच. मग शिवणकाम करणाऱ्या बायकांची संस्था काढली, ती आपसातल्या कुरबुरींनी मोडली. बसस्थानकावर उपाहारगृह काढलं, ते बरं चाललं तर जागाच हातची गेली. नातेवाईक म्हणत, मगदुमांच्या पोरीनं स्वतःचा संसार मांडला नाही, दुसऱ्यांचे मांडत फिरते. एवढ्यातून टिकली ती धुलाई. तिच्या जोरावर सुलक्षणा दिल्लीपर्यंत जाऊन भाषणं करून आली, शाली आणि नारळ घेऊन आली. तिचं बघून आसपासच्या गावांत तशाच दोन-तीन संस्था निघाल्या.

आणि आता मोठ्या शहरातली एक कंपनी धुलाई विकत मागतेय. सगळ्यांना नोकरीत घेऊ म्हणते, कायम करू, फंड देऊ, गणवेश देऊ. तरुण बायकांना यात वाईट काही दिसत नाही. थोरल्या बायका पदर तोंडाशी धरून गप्प आहेत. अध्यक्ष महानंदा कोरे या आठवड्यात सुलक्षणाच्या नजरेला नजर देत नाही. आज हात वर करून काय ते ठरणार.

झोपायचं नाही, सुलक्षणा पुन्हा म्हणते. यंत्र थांबतं. उलटं फिरायला लागतं.

"सरक जरा," कुणीतरी म्हणतं.

सुलक्षणा सरकते. तिच्या शेजारी, थप्पीला पाठ लावून, रूथबाई भोरे बसतात.

रूथबाई संस्थेच्या पहिल्या अध्यक्ष. गेल्या वर्षी ईस्टरच्या आधी त्या वारल्या. सुलक्षणा कबरस्तानात गेली होती, मूठभर माती तिनंही टाकली होती. हे सगळं तिला आत्ता लख्ख आठवतंय, पण मग या इथे कशा, असं काही तिच्या मनात येत नाही. तिला काळजी पडते ती वेगळीच. सभेला खुर्च्या मोजक्या आहेत. यांना कुठं बसवायचं?

"घाम किती आलाय गं सुलू तुला."

"सभा आहे, मावशी."

"म्हाईत हाय मला."

"तुम्ही बोला ना सभेत. तुमचं सगळ्या ऐकतात."

रूथबाई तोंडाला पदर लावून हसतात. हसताना त्यांचे खांदे हलतात, आवाज येत नाही. "मेलेल्या बाईला मत न्हाई. नियम तूच लिवलायस."

"मत नका देऊ. नुसतं बोला."

"नुसतं बोलायला तू हाईस की," रूथबाई म्हणतात आणि गुडघ्यावर हात टेकून उठतात. "चल. उशीर करू नगंस."

खोलीचं दार त्या ढकलतात. दाराबाहेर धुलाईचं आवार असायला हवं. तिथे सूतगिरणीचं पटांगण आहे.

यंत्राची घरघर आता सूत कातणाऱ्या चात्यांची घरघर झालीय, पण ती गिरणीतून येत नाही, जमिनीखालून येतेय. गिरणीचं फाटक बंद. फाटकासमोर कामगार उभे आहेत, हातात जेवणाचे डबे. इतक्या वर्षांत एकाचाही केस पांढरा झालेला नाही. सुलक्षणा मात्र आत्ताच्या वयाची आहे, चष्म्यासकट, आणि तिला लाज वाटते की आपण एकट्याच म्हाताऱ्या झालो.

"ताई, भोंगा कधी होणार?" पुढचा माणूस विचारतो. आवाजात राग नाही. तो खरंच विचारतोय.

तिला सांगायचंय, भोंगा होणार नाही, तुम्ही घरी जा. पण तोंड उघडत नाही. तोंडात कापूस आहे. ती बोटांनी कापूस ओढू लागते तर त्याचा धागा होऊन बाहेर येतो, एक हात, दोन हात, लांबच लांब. धागा तुटत नाही आणि संपतही नाही. कामगार शांतपणे बघत उभे. रूथबाई पुढे होतात आणि तो धागा आपल्या पंजाभोवती गुंडाळत राहतात.

"अजून येतोय," सुलक्षणा घुसमटत म्हणते.

"यील की. किती वर्षाचं साठलंय."

"ही माणसं वाट बघतायत, मावशी. यांना काय सांगू?"

"आता त्यांच्या नातवंडांची लग्नं झाली. कुणी वाट बघत न्हाई. तूच उभी केलीयास त्यास्नी हितं."

सुलक्षणा वळून बघते तर खरंच कुणी नाही. डबे तेवढे जमिनीवर ओळीनं मांडलेले आहेत. ती एक डबा उचलायला वाकते. डबा थंडगार लागतो, हाताला चिकटतो, आणि तो डबा नाही, माईक आहे. समोर मोठं सभागृह. दिल्लीतलं ते सभागृह, जिथे तिला मानपत्र दिलं होतं. गारठा एवढा की दात वाजतात. तिच्या खांद्यावर शाल घालायला कुणीतरी मागे उभं आहे, ते मागेच उभं राहतं, शाल घालत नाही. खुर्च्यांवर माणसं नाहीत. एकेका खुर्चीवर मळक्या चादरींचं एकेक गाठोडं बसवलंय. पहिल्या रांगेत रूथबाई गाठोडी उचलून खांद्यावर घेतायत.

"अहो, इथं काय करताय?"

"धुवायला न्यायचं. माणूस चार घटका बसला की मळतंय सगळं."

"मला बोलायचंय इथं."

"मग बोल. मी कुठं अडवतीया?"

सुलक्षणा माईकजवळ तोंड नेते. तिला आपलं नेहमीचं भाषण पाठ आहे. बंधूंनो आणि भगिनींनो, कामगार हा जेव्हा मालक होतो. पुढचं आठवत नाही. ती पुन्हा म्हणते, कामगार हा जेव्हा मालक होतो. होतो तेव्हा काय होतं? गाठोडी ऐकतायत. मागच्या रांगेतून कुणीतरी तिचं नाव चुकीचं पुकारतं, आणि तेच नाव आपलं असावं असं तिला वाटू लागतं.

"मावशी, सभा सुरू झाली असेल तिकडे."

"झाली आसंल."

"मी नसताना मत घेतील."

"घेतील की."

"मला जायला पाहिजे!"

"मग चल, म्हणलं ना मगाशीच," रूथबाई म्हणतात आणि शेवटचं गाठोडं खांद्यावर टाकून चालू लागतात.

खुर्च्यांच्या दोन रांगांमधल्या वाटेनं त्या जातात. वाटेच्या दोन्ही बाजूंना चादरी वाळत घातलेल्या आहेत. आता धुलाईत वाळवायला यंत्र आहे, कितीतरी वर्षांत आवारात कुणी दोरी बांधलेली नाही. पण इथे दोऱ्याच दोऱ्या, ओल्या पांढऱ्या चादरींच्या भिंती, आणि मधून जेमतेम एका माणसापुरती गल्ली. ऊन चादरींतून गाळून आल्यासारखं पांढरं झालंय. पलीकडून आवाज येतायत. महानंदाचा आवाज. खुर्च्या ओढल्याचा आवाज. कुणीतरी खोकतंय.

"ज्यांना मान्य आहे त्यांनी हात वर करा," महानंदा म्हणते.

चादरीवर सावल्या उमटतात. एक हात, मग पुष्कळ हात, झाडाच्या फांद्यांसारखे. काय मान्य आहे ते मात्र ऐकू आलेलं नाही. सुलक्षणा समोरची चादर बाजूला सारते. तिच्यामागे दुसरी. ती सारते, तिच्यामागे तिसरी. ओली कड सपकन गालावर बसते. ती पळू लागते. पाय ओल्या मातीत रुततात, सावल्या तेवढ्याच लांब राहतात, आणि तिला कळतं की आपण ओरडतोय.

"विकायसाठी वर केले की ठेवायसाठी? मावशी! कशासाठी?"

"तुला दिसंना व्हय?"

"नाही!"

"मला बी न्हाई," रूथबाई मागून म्हणतात. त्यांना धाप लागलेली नाही. गाठोडं त्यांनी खाली ठेवलंय आणि त्याच्यावर त्या बसल्यायत. "मी हितनंच बघतीया."

"विकतील त्या. शंभर टक्के विकतील. त्या पोरी काल आल्या, त्यांना काय माहिती हौद कसा होता ते."

"इकतील तर इकू द्यात. मालकिणी हैत न्हवं?"

"त्याच्यासाठी मालकिणी केल्या का मी त्यांना?"

बोलून जाते आणि आजूबाजूचं सगळं थांबतं. जमिनीखालची घरघर थांबते, चादरी हलायच्या थांबतात. रूथबाई तिच्याकडे बघतात. रागावलेल्या नाहीत. ऐकू नीट आलं नसावं, तशा बघतात.

"कुणी केलं म्हणलीस?"

सुलक्षणा हातातली चादर सोडून देते.

"बस हितं," रूथबाई म्हणतात. गाठोड्यावर जागा करून देतात. दोघी अंगाला अंग लावून बसतात, आणि आता ते गाठोडं नाही, जुन्या हौदाचा दगडी काठ आहे. पाण्यावर साबणाचा फेस, फेसाला तांबूस झाक. "हितं बसलेली मी, तवा तू आलीस. मला म्हणलीस, मावशी, उद्या ठेकेदाराला सांगू, आमी तुमच्याकडं काम करत न्हाई, दवाखान्याशी आमीच बोलणार. आठवतंय?"

"आठवतंय."

"घरी गेले. मालक म्हणले, ती बाई शिकलेली हाय, तिचं काय, ती पुण्याला जाईल. तू कुठं जाशील? रातभर कूस बदलली मी. प्रार्थना केली, तरी झोप यीना. सकाळी आले तर बायका सगळ्या उभ्या, तोंडं उतरल्याली, आन् तुझा पत्ता न्हाई."

"यष्टी बंद पडली होती. अंकलीच्या पुढं."

"त्येच. ठेकेदार आला, म्हणला, का गं, हात का चालंनात? माझं पाय असं लटालटा कापत हुतं. मागं बघितलं, तू न्हाईस. म्हणलं, आता कोण बोलणार? आन् मग बोलले मी. काय बोलले ते मला बी ठावं न्हाई. बोलून झाल्यावर हौदात हात धुतले. मग तू आलीस धावत."

फेसाचा एक बुडबुडा काठाशी येऊन फुटतो.

"मला भीती वाटते, मावशी," सुलक्षणा म्हणते. या आठवड्यात हे ती कुणाजवळ बोललेली नाही. "गिरणी गेली. शिवणकाम गेलं. आता हेही गेलं तर मी सगळा जन्म केलं काय? लोक विचारतील."

"लोक इचारतील?"

"मीच विचारीन."

रूथबाई पाण्यात हात घालतात, एक चादर वर काढतात, पिळतात. त्यांचे हात तसेच आहेत, सोड्यानं खाल्लेले, नखं बोथट. पिळता पिळता बोलतात, तिच्याकडे न बघता.

"ठेकेदाराकडं सुट्टी मागायची तर कुणीतरी मरावं लागायचं. नाताळ हाय म्हणलं तर द्यायचा न्हाई. म्हणून मी दोन नाताळाला माझी आय मारली. तिसऱ्याला सासू मारली. आय माझी चांगली धडधाकट, बुधगावला. पाप वाटायचं गं. मग आपली पयली सभा झाली. कुणी काय मागितलं, आठवतंय का? पगार कुणी आधी इचारला न्हाई. सुट्ट्या ठरवल्या. कुणाची ईद, कुणाची बसव जयंती, कुणाची चौदा एप्रिल, माझा नाताळ. हात वर केले, झालं. त्या दिवसापास्नं माझी आय मेली न्हाई. मेली ती तिच्या टायमाला मेली, आन् मी रजा घेतली, तवा कुणाला खोटं सांगितलं न्हाई."

त्या चादर झटकतात. पाण्याचे थेंब सुलक्षणाच्या चष्म्यावर उडतात.

"त्ये झालं न्हवं? झाल्यालं कोण इकत घील?"

सुलक्षणाला रडू येतं, पण पुरतं येत नाही. चादरींच्या पलीकडे पुन्हा आवाज सुरू झालेत, भांडणाचे आवाज, कुणीतरी टेबलावर थापा मारतंय. तिचे पाय आपोआप उठू बघतात. रूथबाई तिच्या पदराचं टोक धरतात.

"थांब."

"मावशी, उशीर होतोय."

"थांब म्हणलं ना. तुला इसरायची खोड हाय." त्या ओल्या हातांनी पदराच्या टोकाला गाठ मारतात. करकचून ओढतात, गाठोड्याची ओढावी तशी. "ऱ्हाऊ दे आता."

"काय लक्षात ठेवायचं पण?"

यंत्र सुरू होतं. जमिनीतून, हौदातून, दाढांतून घरघर चढत जाते. रूथबाईंचे ओठ हलतायत. त्या काहीतरी सांगतायत, साधंसंच असावं, हातवारे करतायत, मधेच थोड्या हसतातही. सुलक्षणाला एक अक्षर ऐकू येत नाही. ती कान पुढे करते, "काय? काय म्हणालात?" म्हणते, आणि तिचं डोकं थप्पीवरून घसरून भिंतीला आपटतं.

खोली. ब्लँकेटं. यंत्र बंद आहे, मगाचपासूनच बंद असावं. भिंतीवरचं ऊन खाली उतरून पार जमिनीला लागलंय. शेजारी चहाचा कप, वर बशी झाकलेली. ती कपाला हात लावते. चहा निवून गार झालाय.

चपला सापडत नाहीत, ती तशीच अनवाणी बाहेर धावते. आवारात पत्र्याच्या सावलीत सतरंजी गुंडाळून ठेवलेली. बायका पांगल्यायत, काही नळावर हातपाय धुतायत, दोघी जणी फाटकाशी अजून तावातावानं बोलतायत. महानंदा कोरे एकटी खुर्च्या एकात एक घालत उभी.

"सभा?" सुलक्षणा विचारते.

"झाली की, ताई."

"झाली? मला उठवलं नाही कुणी?"

"मी आले होते चहा घेऊन. तुम्ही झोपेत बोलत होता, 'मावशी, मावशी' करत." महानंदा ओशाळून हसते. "म्हटलं, असू दे. किती दिवसांनी डोळा लागलाय."

सुलक्षणा तिथल्याच एका खुर्चीचा आधार घेते. विचारायचं धाडस होत नाही. महानंदा आपणहून सांगत नाही, आधी हातातली खुर्ची नीट बसवते, कपाळावरचा घाम पुसते.

"भांडणं झाली," ती शेवटी म्हणते. "लई झाली. विकायचं म्हणणाऱ्या निम्म्या, नको म्हणणाऱ्या निम्म्या, आणि मी मध्ये. मग मुजावरांची शकिला उठली. म्हणाली, आपण भांडतोय कशावर? कुणी बघितलीय का त्यांची धुलाई? तिथल्या बायकांशी कुणी बोललंय का? कंपनीचे साहेब काय, गोडच बोलणार. तर असं ठरलं की चौघींनी जायचं. हपिसात नाही जायचं. पाळी सुटते तेव्हा फाटकाबाहेर उभं राहायचं आणि तिथल्या बायकांना विचारायचं. त्या काय सांगतात ते ऐकून पुन्हा सभा. याला मात्र सगळ्यांनी हात वर केले. एकजात."

"म्हणजे विकायचं नाही असं नाही."

"नाही. विकतील पण, कुणी सांगावं?" महानंदा या आठवड्यात पहिल्यांदा तिच्याकडे सरळ बघते. "मी खोटं कशाला बोलू?"

"चौघी कोण?"

"शकिला, मी, सुमन आणि धाकटी लगमव्वा."

सुलक्षणा वाट बघते. पाचवं नाव येत नाही.

"तुमचं नाव निघालं होतं, ताई. मीच नको म्हटलं. तुम्ही असला की समोरचा माणूस तुमच्याशीच बोलत बसतो. आमच्याकडं बघत नाही." बोलून झाल्यावर महानंदाचा चेहरा पडतो. "राग आला का?"

आलाय. राग आलाय, आणि खाली भीतीही आहे, सकाळी होती तशीच, तसूभर कमी झालेली नाही. त्या चौघी जातील, गणवेश बघतील, पंखे बघतील, परत येऊन विकायचं म्हणतील. म्हणूही शकतील. सुलक्षणा तोंड उघडते. तिला सांगायचं असतं की तिथल्या बायकांना काय काय विचारायचं ते मी तुम्हाला समजावून सांगते, बसा जरा. शब्द जिभेवर आलेले असतात.

"कधी निघताय?" ती विचारते.

"सोमवारी. सुमनच्या पोरीची परीक्षा संपू दे म्हटलं."

"बरं."

एवढंच म्हणून ती दुसऱ्या बाजूच्या खुर्च्या उचलायला वाकते. वाकताना पदर खांद्यावरून घसरून पुढे येतो आणि खुर्चीच्या हातावर टक्कन वाजतो, खडा बांधल्यासारखा.

"हे काय, ताई?" महानंदा पदराचं टोक हातात घेते. "गाठ कशाची मारलीय? केवढी घट्ट!"

"मी झोपले होते तेव्हा आत कोण आलं होतं?"

"मीच. चहा ठेवला नि दार लोटून घेतलं. दुसरं कुणी नाही आलं." महानंदा नखांनी गाठ सैल करू बघते, जमत नाही, तोंडाशी नेते. "दातानं सुटते का बघू?"

"नको," सुलक्षणा म्हणते आणि पदर ओढून घेते.

ती टोक मुठीत धरून चाचपते. आज सकाळीच कपाटातून काढलेली सुती साडी, इस्त्रीची घडीसुद्धा अजून जागच्या जागी. पत्र्यापलीकडे अजून कडक ऊन आहे, पदर खडखडीत कोरडा आहे. गाठ तेवढी ओली. मुठीतून पाण्याचा एक थेंब निघून तिच्या मनगटावरून कोपरापर्यंत ओघळत जातो.